उलथापालथीच्या काळातलं बालपण: रफ कट ‘इतिहासाचा तास’ वाटतोय, तर काय करायचं?

तुमचा प्रश्न मला कळला तो असा. राजवट बदलली, रस्त्यावर गोळीबार झाला, शाळा कित्येक महिने बंद राहिल्या. त्या काळात एकाच वर्गात शिकलेल्या आणि आता पन्नाशीला आलेल्या सहा जणांवर तुम्ही माहितीपट करताय. चाळीस तासांच्या मुलाखती झाल्यात, जुनं वृत्तफुटेज मिळालंय, ९६ मिनिटांचा रफ कटही (पहिली कच्ची जुळणी) तयार आहे. पण ज्यांना दाखवला ते म्हणतात, “माहिती भरपूर मिळाली, पण इतिहासाच्या तासाला बसल्यासारखं वाटलं.” देश कोणता ते तुम्ही लिहिलेलं नाही. मला त्याची गरजही नाही, कारण हे दुखणं सगळीकडे एकच असतं. मी पंचवीसेक वर्षं चित्रपटांचं संकलन करतोय. या जातीचे तीन-चार चित्रपट हाताखालून गेले आणि त्यातला पहिला मी नेमका तुमच्यासारखाच बिघडवला होता.

काय बिघडलं होतं ते आधी सांगतो. त्यात एक बाई होत्या, त्या काळात नऊ वर्षांच्या. कॅमेऱ्यासमोर त्या फार नीट बोलल्या: संचारबंदी कधी लागली, कोणत्या चौकात लष्कर उभं होतं, कोणत्या नेत्याला कधी पकडलं. आम्ही खूश. मुलाखत संपली, कॅमेरा बंद झाला, आणि कपड्याला लावलेला लेपल माईक काढता काढता त्या म्हणाल्या, “खरं सांगू का, तो आठवडा माझ्या लहानपणातला सगळ्यात छान आठवडा होता. आई पहिल्यांदाच दिवसभर घरी होती. तिने मला भरतकाम शिकवलं. मला वाटायचं, हे संपूच नये. नंतर कळलं की त्याच आठवड्यात दोन गल्ल्या सोडून माणसं मेली. अजून लाज वाटते.” ध्वनी रेकॉर्डर चालू होता, म्हणून हे आमच्याकडे राहिलं. आणि मी ते ‘विषयाला धरून नाही’ म्हणून बाजूला काढलं! चित्रपटात चौक, लष्कर आणि नेता राहिला. आज तो चित्रपट कुणाला आठवत नाही, मलाही नीटसा आठवत नाही. ते भरतकाम मात्र आठवतं.

(रेकॉर्डर मुद्दाम चालू ठेवलात, तर असं मिळालेलं वापरण्याआधी त्या माणसाला विचारायचं. ते न विचारता वापरणं म्हणजे चोरी.)

तर माझं निदान हे की तुमच्या कटमध्ये पन्नाशीचा माणूस बोलतोय आणि त्याला सगळं माहीत आहे. पुढे काय झालं, कोण जिंकलं, किती मेले, चूक कुणाची, सगळं. त्या वयाच्या मुलाला यातलं काहीच माहीत नव्हतं. त्याला माहीत होतं ते वेगळं: बाबा दोन दिवस आले नाहीत, रेडिओ लावला की मोठी माणसं दार लोटून घेतात, एक शब्द घरात उच्चारायचा नाही, पुढच्या बाकावरचा मुलगा यायचा बंद झालाय आणि बाई हजेरी घेताना त्याचं नाव गाळून पुढे जातात. मोठ्या माणसाच्या शहाणपणाखाली हे मूल दबलंय. ते मोकळं करणं एवढंच काम आता उरलंय, आणि ते संकलनाच्या टेबलावर पूर्ण होणार नाही. थोडं चित्रीकरण पुन्हा करावं लागेल.

मुलाखतीचे तुमचे प्रश्न मी पाहिलेले नाहीत, पण पैज लावतो की त्यात “त्या काळाचा तुमच्यावर काय परिणाम झाला?” हा एक असणार. तो काढून टाका. या प्रश्नाला माणूस भाषण देतो, कारण प्रश्नच भाषणाचा आहे. त्याऐवजी कागद-पेन्सिल द्या आणि त्या घराचा नकाशा काढायला सांगा. दारातून आत आल्यावर डावीकडे काय? तुम्ही कुठे झोपायचात? तिथून दिवाणखान्यातलं बोलणं ऐकू यायचं का? हात नकाशावर फिरायला लागला की आवाज बदलतो, वाक्यं लहान होतात. कॅमेरा हातावर आणि कागदावर ठेवा, चेहऱ्यावर नको. तुमच्याकडे एकाच वर्गातली माणसं आहेत, त्यामुळे आणखी एक सोन्यासारखी संधी आहे: सहाही जणांकडून, वेगवेगळं बसवून, वर्गाच्या बाकांचा नकाशा काढून घ्या. कोण कुठे बसायचं. सहा नकाशे जुळणार नाहीत. एखाद्याच्या नकाशात तो यायचा बंद झालेला मुलगा असेल, दुसऱ्याच्या नसेल. ते सहा कागद शेजारी शेजारी ठेवले की त्यावर निवेदनाची एक ओळ लागणार नाही.

दुसरी युक्ती वर्तमानकाळाची. ‘फ्ली’ हा २०२१ चा डॅनिश माहितीपट अफगाणिस्तानातून लहानपणी पळालेल्या एका माणसाचा आहे. दिग्दर्शक योनास पोहेर रासमुसेन त्याचा शाळेपासूनचा मित्र. त्याने मित्राला आडवं व्हायला, डोळे मिटायला सांगितलं आणि आठवण वर्तमानकाळात बोलायला लावली: आता तू कुठे आहेस, काय दिसतंय, भिंतीचा रंग कोणता. रासमुसेन रेडिओतून आलेला, त्याची ही रेडिओची सवय. मी स्वतः हे दोनदा वापरलंय. “आम्ही तेव्हा घाबरलो होतो” म्हणणारा माणूस “मी जिन्यात बसलोय, चप्पल एकच आहे” असं बोलायला लागतो. पण जपून. डोळे मिटून वर्तमानकाळात गेलेला माणूस खरोखर तिथे जातो. ज्याने डोळ्यांदेखत हिंसा पाहिली आहे, त्याच्यावर हा प्रयोग मानसोपचारतज्ज्ञाशी बोलल्याशिवाय करू नका. आणि सत्र कधीही सगळ्यात वाईट क्षणावर संपवायचं नाही. त्याला हळूहळू आजच्या खोलीत परत आणायचं, आज जेवायला काय केलंय इथपर्यंत, मग माईक काढायचा.

आता आठवणींच्या खरेपणाचा मुद्दा, कारण तो तुम्हाला छळणारच आहे. बालमानसशास्त्राचा पितामह म्हणावा असा जाँ पियाजे, त्याला स्वतःच्या दुसऱ्या वर्षीची एक आठवण स्पष्ट दिसायची: पॅरिसच्या शाँझेलिझेवर कुणीतरी त्याला पळवू पाहतंय, दाई झटापट करतेय, तिच्या चेहऱ्यावर ओरखडे, मग आखूड झग्याचा पोलीस. तो पंधराएक वर्षांचा असताना त्या दाईचं पत्र आलं की ते सगळं तिने रचलं होतं. बक्षीस मिळालेलं घड्याळही तिने परत केलं. म्हणजे घरात ऐकलेल्या गोष्टीचं त्याच्या डोक्यात चित्र झालं होतं, तेही ओरखड्यांसकट. मोठ्या वयातही हे होतं. जानेवारी १९८६ मध्ये अमेरिकेचं चॅलेंजर अंतराळयान फुटलं. उल्रिक नायसर या मानसशास्त्रज्ञाने दुसऱ्याच दिवशी विद्यार्थ्यांकडून ‘बातमी कुठे, कशी कळली’ हे लिहून घेतलं. अडीचेक वर्षांनी त्यातल्या ४४ जणांना पुन्हा विचारलं तेव्हा बऱ्याच जणांची गोष्ट बदललेली होती आणि खात्री मात्र तसूभरही कमी झालेली नव्हती.

याचा अर्थ तुमची माणसं खोटं बोलतायत असा नाही. अर्थ इतकाच की “मी रणगाडा पाहिला” असं कुणी म्हणालं, तर तो खिडकीतून पाहिला की दहा वर्षांनी टीव्हीवर, हे त्यालाही सांगता येणार नाही. मी एक सोपी विभागणी पाळतो. वास, भीती, आनंद, कुजबुज, कोण कुणाशी बोलेनासं झालं, हे माणसाकडून घ्यायचं आणि त्याला पुरावा मागायचा नाही. तारीख, मृतांचा आकडा, गोळी कुणी झाडली, हे कागदपत्रांतून पडताळायचं आणि माणसाच्या तोंडी चुकीचं असेल तर चित्रपटात तसंच सोडायचं नाही. दोन आठवणी भांडत असतील तर निवेदकाला न्यायाधीश करू नका. दोघांना लागोपाठ ठेवा. प्रेक्षक पुढे सरकून बसतो.

वृत्तफुटेजबद्दल मी जरा कडवट आहे. माणूस म्हणतो “रणगाडे आले” आणि पडद्यावर रणगाडे येतात. हा कट करायला दोन सेकंद लागतात आणि माणसाची आठवण तिथेच मरते. ते फुटेज कुणी काढलंय? बहुतेक वेळा सरकारी कॅमेऱ्याने किंवा हॉटेलच्या गच्चीवरून परदेशी वार्ताहराने. सात वर्षांच्या मुलाची उंची साधारण १२० सेंटिमीटर, डोळे त्याहून थोडे खाली. त्याला गच्चीवरून दिसणारं काहीच दिसलेलं नसतं, मोठ्यांचे पाय दिसलेले असतात. कंबोडियाचा दिग्दर्शक रिती पान ख्मेर रूज या कम्युनिस्ट गटाच्या राजवटीत, १९७५ ते ७९ दरम्यान, कोवळ्या वयात घरच्यांना गमावून बसला. त्या राजवटीने मागे ठेवलेलं चित्रीकरण प्रचाराचं होतं; उपासमारीत मरणाऱ्या त्याच्या माणसांचं चित्रच नव्हतं. २०१३ च्या ‘द मिसिंग पिक्चर’मध्ये त्याने मातीच्या, रंगवलेल्या, न हलणाऱ्या बाहुल्या केल्या आणि त्या प्रचारी फुटेजच्या शेजारी ठेवल्या. तुम्ही बाहुल्या कराव्यात असं मी म्हणत नाही (आता तो फॅशनचाच भाग झालाय, महोत्सवाला पाठवलेल्या दर तिसऱ्या चित्रपटात बाहुल्या किंवा ॲनिमेशन). पण त्याने विचारलेला प्रश्न तुम्ही विचारा: हे चित्र कुणाचं, आणि कुठलं चित्र उरलेलंच नाही?

घरगुती फिल्म मिळाली तर नशीब. डबा उघडल्यावर व्हिनेगरसारखा वास आला तर ॲसिटेटची फिल्म कुजायला लागली आहे. प्रोजेक्टरवर अजिबात चढवू नका, थेट चांगल्या स्कॅनिंगला द्या. बुरशी दिसणारी व्हिडिओ कॅसेटही ‘एकदा बघू’ म्हणून प्लेअरमध्ये घालायची नाही. आणि वेगाकडे लक्ष द्या: जुनी ८ मिमी साधारण सेकंदाला १६ फ्रेमची, १९६५ नंतरची सुपर ८ बहुधा १८ ची. ती तशीच संकलनाच्या सेकंदाला २५ फ्रेमच्या टाइमलाइनवर टाकली की माणसं तुरुतुरु पळतात आणि आईच्या अंत्ययात्रेलाही प्रेक्षागृहात कुणीतरी हसतं. हे मी पाहिलंय. आणखी एक गोष्ट डोक्यात ठेवा: त्या काळी कॅमेरा असलेलं घर म्हणजे बरं घर. सहापैकी ज्या एकाकडे घरगुती फिल्म आहे त्याचंच बालपण सगळ्यांचं बालपण होऊन बसतं, कारण पडद्यावर तेच हलताना दिसतं. ज्यांच्याकडे काहीच नाही त्यांचं ‘काहीच नाही’ चित्रित करा. धरपकडीच्या काळात माणसं फोटो जाळतात, कापतात. १९३० च्या दशकात सोव्हिएत घरांमध्ये अटक झालेल्या नातेवाइकांचे चेहरे कौटुंबिक फोटोंतून कात्रीने काढले जात किंवा शाईने झाकले जात. तुमच्या सहा जणांच्या अल्बममध्ये एखादा अर्धा फोटो नक्की असेल. तो मागा. कात्री कुणी चालवली ते विचारा.

निवड आधीच झाली आहे, तरी एक शंका बोलून दाखवतो. हे सहा जण तुम्हाला सापडले कसे? चांगलं बोलतात म्हणून? जे देश सोडून गेले, जे जिंकलेल्या बाजूला होते, ज्याचे वडील पकडणाऱ्यांत होते, त्यांतलं कुणी आहे का? ब्रिटनमध्ये १९६४ साली सुरू झालेल्या, त्याच मुलांना दर सात वर्षांनी पुन्हा भेटणाऱ्या ‘सेव्हन अप’ या माहितीपट मालिकेत १४ मुलं होती, त्यात मुली फक्त ४. पुढच्या दशकांत बायकांच्या आयुष्यात केवढी उलथापालथ झाली, पण ती टिपायला माणसंच पुरेशी नव्हती. मालिकेचा दिग्दर्शक मायकेल ॲप्टेडने ही खंत नंतर बोलून दाखवली. त्याचीच आणखी एक कबुली मला फार उपयोगी पडली आहे: त्यातला टोनी एकवीस वर्षांचा असताना, हा पोरगा पुढे गुन्हेगारीत जाणार असं धरून ॲप्टेडने त्याला लंडनच्या ईस्ट एंडमधल्या बदनाम जागांवर गाडी चालवायला लावून चित्रीकरण करून ठेवलं. टोनी कधीच तुरुंगात गेला नाही. टॅक्सी चालवत राहिला. तुमच्या कटमध्ये असं आधीच ठरवून घेतलेलं काही आहे का ते तपासा. ‘बळी’ म्हणून बसवलेला माणूस मजेत जगत असेल, तर ते लपवू नका.

वयाचं गणितही बघा. ग्लेन एल्डर या समाजशास्त्रज्ञाने अमेरिकेतल्या महामंदीत वाढलेल्या दोन गटांची तुलना केली: ऑकलंडमधली १९२०-२१ ला जन्मलेली मुलं आणि बर्कलीतली १९२८-२९ ची. पहिल्या गटाचं बालपण बऱ्या दिवसांत गेलं होतं, मंदी आली तेव्हा ती घराला हातभार लावण्याच्या वयाची झाली होती. दुसऱ्या गटाला मंदीने अगदी लहानपणी गाठलं आणि त्यातल्या मुलग्यांना ती जास्त जाचली. संकट तेच, आठ वर्षांचा फरक. तुमचे सहाही जण एकाच इयत्तेतले, म्हणजे एकाच वयाचे. यांच्यापैकी एखाद्याची पाच-सात वर्षांनी मोठी बहीण शोधा. धाकट्याला ‘शाळेला सुट्टी’ आठवते, तेव्हा थोरलीला कॉलेज कायमचं सुटल्याचं आठवतं. एका स्वयंपाकघरात दोघांना बसवा आणि तुम्ही गप्प राहा.

रचनेबद्दल थोडक्यात. सालवार लावलेला क्रम मोडा. त्याऐवजी मुलाला जे ज्या क्रमाने कळलं त्या क्रमाने प्रेक्षकाला कळू द्या. संदर्भाच्या दोन ओळींची पाटी लागतेच, पण ती सुरुवातीला नको. प्रेक्षकाचा गोंधळ वैतागात बदलायच्या थोडं आधी यायला हवी. ही जागा कुठली ते तुम्हाला कळणार नाही, तुम्ही त्या देशाचे आहात. त्या देशाचं काहीच माहीत नसलेल्या दोन माणसांना दाखवा आणि पडद्याकडे न बघता त्यांच्याकडे बघत बसा.

आवाजावर वेळ घाला, तो वाया जात नाही. मुलांनी असा काळ बराचसा ऐकलेला असतो: भिंतीपलीकडची कुजबुज, जिन्यातली पावलं, बारीक आवाजातला रेडिओ. प्रत्येक घरात माणसं बाहेर काढून निदान एक मिनिट नुसती खोलीची शांतता रेकॉर्ड करून आणा. आणि ते व्हायोलिन काढा. ते आहेच, मला माहीत आहे.

संमतीचं सांगायचं तर, सही घेतली म्हणजे झालं असं नसतं. अशा कथांमध्ये शेजारी, खबरे, मामा-काका असतात आणि त्यांतले काही अजून त्याच इमारतीत राहतात. ज्याने “काकांनीच नाव सांगितलं” असं कॅमेऱ्यासमोर म्हटलं, त्याला तो भाग कटमध्ये जसा बसलाय तसा दाखवून पुन्हा विचारा. ओळख लपवायची असेल तर चेहरा धूसर करून भागत नाही. आवाज, गल्लीचं तोंड, भिंतीवरचा फोटो, सगळंच बोलतं. ‘फ्ली’मध्ये नाव बदललं आणि ॲनिमेशन वापरलं ते याचसाठी. तुम्ही शेवटी आजच्या मुलांना घेणार असल्याचं लिहिलंय. त्यांच्याबाबत पालकांच्या होकारावर थांबू नका. बालहक्कांच्या १९८९ च्या संयुक्त राष्ट्र करारात मुलाचं मत ऐकून घेण्याचा हक्क आहे (कलम १२) आणि खासगीपणाचाही (कलम १६). मूल “आज नको” म्हणालं की सामान आवरायचं. शक्य असेल तर करारातच लिहा की ते १८ चं झाल्यावर त्याला पुन्हा विचारलं जाईल.

तुम्ही स्वतः त्याच वर्गातले आहात का? प्रश्नात दोन ठिकाणी ‘आमच्या बाई’ असं आलंय. असाल तर लपून राहू नका, सातवा नकाशा तुम्ही काढा.

आता कामाला कुठून लागायचं. आहे त्या टाइमलाइनची एक प्रत काढा. तिच्यातलं सगळं वृत्तफुटेज, सगळं संगीत आणि निवेदन उचलून बाहेर ठेवा. जिथे चित्र उरणार नाही तिथे काळं राहू द्या. दिवे मालवून एकट्याने एकदा सलग बघा, हातात फक्त कागद. काळ्या पडद्यावरही जे बोलणं ऐकत राहावंसं वाटेल त्याची वेळ टिपून घ्या, बाकीचं पुसू नका पण वेगळ्या बिनमध्ये (फोल्डरमध्ये) टाका. ९६ मिनिटांतली पंचवीस-तीस उरली तर घाबरू नका, माझी पहिल्या वेळी अकरा उरली होती. मग चाळीस तासांच्या रशेसकडे, म्हणजे न कापलेल्या मूळ चित्रीकरणाकडे परत जा, आणि प्रत्येक मुलाखतीची शेवटची पाच मिनिटं आधी ऐका, माईक काढतानाची.